अडखळत बोलणारा नट : मास्सिमो त्रोइझी

इटलीबाहेरच्या बहुतेक रसिकांना मास्सिमो त्रोइझी माहीत आहे तो एका चित्रपटापुरता. 'इल पोस्तिनो'मधला तो हडकुळा पोस्टमन, बेटावरच्या चढणीवर सायकल रेटत एकाच माणसाची पत्रं पोचवणारा. त्या चित्रपटाचं मुख्य चित्रीकरण आटोपलं आणि दुसऱ्याच दिवशी, ४ जून १९९४ रोजी, त्रोइझी गेला. वय अवघं एक्केचाळीस. ही हकिगत इतकी चटका लावणारी आहे की तिच्या सावलीत त्याची आधीची सगळी कारकीर्द झाकोळून गेली. इटलीत मात्र, आणि विशेषतः नेपल्समध्ये, लोक त्याच्याविषयी बोलू लागले की पोस्टमनचा विषय बराच उशिरा निघतो. त्याआधी निघतात त्याची दूरदर्शनवरची प्रहसनं, त्याचे अर्धवट सोडलेले संवाद, आणि हसवता हसवता त्याने जे जे निमूटपणे नाकारलं त्याच्या गोष्टी. मला या नाकारणाऱ्या त्रोइझीविषयी लिहायचं आहे.

व्हेसुव्हियसच्या पायथ्याशी, नेपल्सला खेटून असलेलं सान जॉर्जो अ क्रेमानो हे त्याचं गाव. जन्म १९ फेब्रुवारी १९५३चा. वडील रेल्वेत नोकरीला, आई घर सांभाळणारी. सहा भावंडांत हा शेंडेफळ. घरात आजी-आजोबा, शिवाय नातेवाइकांचं आणखी एक बिऱ्हाड. जेवायला बसलं की पंगतच. तान्हेपणी तो इतका गुटगुटीत होता की आईने त्याचा फोटो दुधाच्या भुकटीच्या कंपनीला पाठवला आणि कंपनीने तो जाहिरातीत वापरला. पुढे लहानपणीच त्याला संधिवाताचा ताप आला. आपल्याकडच्या सरकारी इस्पितळांतल्या डॉक्टरांना हा आजार चांगला ठाऊक आहे. दाटीवाटीच्या घरांतल्या मुलांना घसादुखीच्या निमित्ताने तो गाठतो, सांधे सुजवतो, ते बरे होतात, आणि हृदयाच्या झडपेवर मात्र कायमचा घाव राहतो. त्रोइझीची झडप अशीच निकामी होत गेली. विशीत असताना, १९७६ साली, त्याला शस्त्रक्रियेसाठी अमेरिकेत ह्यूस्टनला जावं लागलं. खर्च कुटुंबाच्या आवाक्याबाहेरचा होता. मित्रांनी आणि लोकांनी पैसे जमवले तेव्हा कुठे ते जमलं.

हे आजारपण त्याने कधी मिरवलं नाही आणि पडद्यावर त्याचा बाऊही केला नाही. पण ते त्याच्या अभिनयात मुरलेलं आहे, असं मला वाटतं. नेपल्सच्या विनोदी नटाची परंपरा अंगविक्षेपांची. तोतोसारखा थोर नट मान, खांदे, हनुवटी सुटी सुटी नाचवायचा. त्रोइझी जवळजवळ हलतच नाही. तो खुर्चीत बसलेला किंवा भिंतीला टेकून उभा असतो, हाताचा पंजा उगीच केसांकडे जातो, आणि सगळं नाट्य घडतं ते वाक्याच्या आत. वाक्य सुरू होतं, मध्येच थबकतं, मागे वळतं, एखादा शब्द तीनदा उच्चारून टाकून देतं आणि भलत्याच गल्लीत शिरून संपतं. कित्येकदा संपतही नाही. दमाने जगावं लागलेल्या माणसाने स्वतःसाठी शोधलेली ही लय होती.

सुरुवात चर्चच्या आवारातल्या हौशी रंगमंचावर झाली. मग गावातल्याच एका गॅरेजमध्ये मित्रांनी छोटं नाट्यगृह थाटलं. त्यातून लेल्लो अरेना, एन्झो देकारो आणि त्रोइझी असं त्रिकूट तयार झालं. त्यांनी नाव घेतलं 'ला स्मोर्फिया'. नेपल्समध्ये स्वप्नांवरून लॉटरीचे आकडे काढायचं जे पुस्तक घरोघर असतं, त्याचंच हे नाव. १९७७ साली इटलीच्या सरकारी वाहिनीवर, राईवर, 'नोन स्टॉप' हा कार्यक्रम सुरू झाला. कसलेल्या निवेदकाचा आधार न घेता नव्या दमाच्या विनोदी मंडळींना मोकळं सोडायचं, अशी त्याची रीत होती. त्या कार्यक्रमाने हे तिघे एकदम देशभर पोचले.

त्यांचं येशूच्या जन्मावरचं प्रहसन आजही इटलीत लोकांना तोंडपाठ आहे. डोक्याला रुमाल बांधलेली एका कोळ्याची बायको घरात बसून आपल्या हलाखीचं रडगाणं गाते आहे. ती झालेला त्रोइझी. एवढ्यात देवदूत गॅब्रिएलच्या वेषात धिप्पाड लेल्लो अरेना दणदणीत आवाजात शुभवर्तमान सांगत घुसतो. बाईला काहीच कळत नाही. तिचं नाव मारिया नाहीच. देवदूत चुकीच्या घरात शिरला आहे. तो पुन्हा पुन्हा येतो, पुन्हा पुन्हा गरजतो, आणि बाई आपल्या नवऱ्याने आणलेल्या चार मासळ्यांचा हिशेब सोडत नाही. यात श्रद्धेची टवाळी नाही. स्वर्गातून आलेली भव्य घोषणा आणि घरातली चूल यांची समोरासमोर गाठ घालून दिली आहे, आणि लेखकाचं मन चुलीकडे आहे. त्रोइझीने ही बाई रंगवताना बायकी आवाज काढला नाही की नखरे केले नाहीत. तिचा थकवा तेवढा त्याने उचलला. म्हणून ते प्रहसन जुनं होत नाही.

'नोन स्टॉप'च्या दिवसांत, तूरिनमध्ये, त्याला आन्ना पाविन्यानो भेटली. ती उत्तरेकडची. काही वर्षं दोघं एकत्र होती, पुढे वेगळी झाली, पण लिहिणं सोबतच राहिलं. त्रोइझीच्या जवळपास सगळ्या पटकथांवर तिचं नाव आहे. त्याच्या चित्रपटांतल्या बायका पुरुषांपेक्षा स्पष्ट बोलतात, काय हवं ते मागतात आणि नायकाच्या गुळमुळीत उत्तरांना भुलत नाहीत, याचं श्रेय बरंचसं या जोडीच्या कामाला द्यायला हवं. त्याच्याविषयीच्या गौरवलेखांत पाविन्यानोचा उल्लेख एखाद्या ओळीत उरकला जातो, हे मला खटकतं.

१९८१च्या मार्चमध्ये 'रिकोमिन्चो दा त्रे', म्हणजे 'पुन्हा सुरुवात, तीनपासून', प्रदर्शित झाला. लेखक, दिग्दर्शक, नायक तिन्ही त्रोइझी. संगीत त्याचाच दोस्त, नेपल्सचा गायक पिनो दानिएले याचं. कथा एवढीशी. गाएतानो नावाचा तरुण घर सोडून फ्लॉरेन्सला येतो. लोक शून्यापासून सुरुवात करतात. याचं म्हणणं, आयुष्यात माझ्या तीन गोष्टी जमल्या आहेत, त्या कशाला पुसू, मी तीनपासून मोजणार. वाटेत भेटणारा जो तो त्याला विचारतो, पोटापाण्यासाठी गाव सोडलं का? तो सांगून दमतो की बाबांनो, मी नुसता फिरायला निघालोय. कुणाचा विश्वास बसत नाही. नेपल्सचा माणूस घराबाहेर पडला तर तो कामाच्या शोधातच पडलेला असणार, हे सगळ्या इटलीने ठरवून टाकलेलं. दक्षिणेतली लाखो माणसं मिलान-तूरिनच्या कारखान्यांत गेली होती, हे खरं. पण त्या खऱ्या गोष्टीची चौकट करून प्रत्येक दक्षिणी माणसाला तिच्यात कोंबायचं, याला त्रोइझीचा विरोध होता. भाषण न करता, त्याच त्या प्रश्नाने वैतागलेल्या एका चेहऱ्यातून त्याने तो मांडला.

चित्रपट संपता संपता होणाऱ्या बाळाच्या नावावरून जो वाद होतो तो मुद्दाम पाहावा असा आहे. गाएतानोच्या प्रेयसीला, मार्ताला, मुलाचं नाव मास्सिमिलियानो ठेवायचं आहे. गाएतानोचं म्हणणं, एवढं लांब नाव ठेवलं तर पोर वाया जाईल. आई नाव पुकारून संपेपर्यंत ते पार रस्त्यापलीकडे गेलेलं असेल. छोटं नाव हवं, हाक मारताच जागच्या जागी थांबवणारं. या सगळ्या खुळ्या तर्कटाखाली खरा पेच दडलेला आहे. बाळ आपलं आहे की दुसऱ्या कुणाचं, हे त्याला ठाऊक नाही, आणि तरीही त्याने राहायचं ठरवलं आहे. त्या वर्षी इटलीचे मानाचे दाविद दि दोनातेल्लो पुरस्कार जाहीर झाले तेव्हा सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि सर्वोत्कृष्ट अभिनेता हे दोन्ही त्याच्या वाट्याला आले. पहिल्याच चित्रपटाला.

चित्रपटात तो अस्सल नेपल्सची बोली बोलतो, तीही तोंडातल्या तोंडात. उत्तरेकडच्या प्रेक्षकांना निम्मं कळायचं नाही. प्रमाण इटालियनमध्ये बोल, असं सांगणारे होतेच. त्याने ऐकलं नाही, आणि प्रेक्षक कान टवकारून ऐकायला शिकले. त्याच १९८१ साली सान रेमोच्या संगीत महोत्सवात त्याला पाहुणा म्हणून बोलावलं होतं. काय बोलणार ते आधी दाखवा, अमुक विषय टाळा, अशा अटी आल्यावर तो मंचावर गेलाच नाही. नुकत्याच नावारूपाला येत असलेल्या सत्तावीस वर्षांच्या नटाने इटलीतला सर्वांत मोठा प्रेक्षकवर्ग असा सोडून द्यावा, याला हिंमत लागते.

दुसऱ्या चित्रपटाला त्याने दोन वर्षं लावली आणि नावच ठेवलं 'स्कुझाते इल रितार्दो', म्हणजे 'उशीर झाला, माफ करा'. यात एक प्रेमभंगाने खचलेला मित्र नायकाला विचारतो, एक दिवस सिंह म्हणून जगावं की शंभर दिवस मेंढरू म्हणून? फॅसिस्टांच्या काळात डोक्यावर घेतलेली ही घोषणा. नायक विचार करून सांगतो, पन्नास दिवस अस्वलाचं पिल्लू होऊन जगूया, मधलं काहीतरी.

१९८४ साली विनोदी नट रोबेर्तो बेनिन्यीसोबत केलेला 'नोन ची रेस्ता के प्यांजेरे', म्हणजे 'आता रडण्यावाचून गत्यंतर नाही', हा त्या हंगामात इटलीत सर्वांत जास्त कमाई करणारा चित्रपट ठरला. शाळेतला एक मास्तर आणि एक शिपाई रेल्वेच्या फाटकापाशी खोळंबतात आणि थेट १४९२ सालात जाऊन पडतात. चित्रपट म्हणून तो विस्कळीत आहे, पण एक प्रसंग विसरता येत नाही. रस्त्यावरून जाणारा धर्मोपदेशक खिडकीतल्या त्रोइझीकडे पाहून गरजतो की तुला मरायचं आहे, लक्षात ठेव! त्रोइझी हो हो म्हणतो, आत्ताच लिहून ठेवतो म्हणतो. उपदेशक पुन्हा ओरडतो, हा पुन्हा तितक्याच सौजन्याने. प्रेक्षागृह हसून लोटपोट व्हायचं. छातीत बिघडलेलं हृदय वागवणाऱ्या माणसाने हा प्रसंग इतक्या हलक्या हाताने केला आहे.

'ले व्हीये देल सिन्योरे सोनो फिनीते' हा १९८७चा चित्रपट माझ्या मते त्याचा सर्वांत उपेक्षित राहिलेला. फॅसिस्ट राजवटीचा काळ, आणि प्रेमभंगानंतर पाय लुळे पडलेला नायक. दुखणं शरीराचं नाही, मनाचं. मुसोलिनीच्या काळात गाड्या वेळेवर धावायच्या, ही दवंडी इटलीत अजून ऐकू येते. नायक म्हणतो, गाड्या वेळेवर आणायला त्याला सरकारचा प्रमुख कशाला करायला हवं होतं, स्टेशनमास्तर केलं असतं तरी भागलं असतं. रेल्वे कर्मचाऱ्याच्या मुलालाच हे सुचावं.

त्याच वर्षी माराडोनाच्या नेपल्स संघाने पहिल्यांदा इटलीची फुटबॉल स्पर्धा जिंकली. उत्तरेकडच्या मैदानांवर नेपल्सच्या लोकांना उत्तर आफ्रिकेचे विजेते म्हणून हिणवणारे फलक लागत. त्रोइझीला विचारलं तेव्हा तो म्हणाला, दक्षिण आफ्रिकेसारखे फलक लावण्यापेक्षा उत्तर आफ्रिकेचे विजेते असलेलं बरं. तेव्हा दक्षिण आफ्रिकेत वर्णभेदी राजवट होती. आवाज न चढवता दिलेलं हे उत्तर नेपल्सने जपून ठेवलं आहे.

नट म्हणून त्याची खरी कसोटी एत्तोरे स्कोला या ज्येष्ठ दिग्दर्शकाने घेतली. 'के ओरा ए' (किती वाजले) या १९८९च्या चित्रपटात त्याच्यासमोर मार्चेल्लो मास्त्रोयान्नी आहे. चिव्हितावेक्क्या या बंदरगावात मुलगा सक्तीची लष्करी सेवा करतो आहे, आणि रोमचा यशस्वी वकील असलेला बाप एक दिवस त्याला भेटायला येतो. बाप बोलत सुटतो, घर देऊ करतो, गाडी देऊ करतो. मुलगा अवघडून जातो. आजोबांचं जुनं खिशातलं घड्याळ मिळाल्यावर मात्र त्याचा चेहरा खुलतो. नंतर बंदरावरच्या कोळ्यांच्या बारमध्ये हाच घुमा मुलगा मोकळेपणी हसताना दिसतो, आणि ते पाहून बापाच्या पोटात तुटतं. मास्त्रोयान्नीच्या तोडीस तोड काम त्रोइझीने इथे गप्प राहून केलं आहे. व्हेनिस महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार दोघांना विभागून मिळाला. पुढल्याच वर्षी स्कोलाच्याच 'कॅप्टन फ्राकास्सा'त तो पुल्चिनेल्ला झाला, नेपल्सच्या लोकनाट्यातला काळ्या मुखवट्याचा विदूषक.

आता 'इल पोस्तिनो'. चिलीचा लेखक आन्तोनियो स्कारमेता याच्या कादंबरीत कवी पाब्लो नेरुदा आणि त्याचा तरुण पोस्टमन चिलीच्या किनाऱ्यावर भेटतात. त्रोइझीने ती गोष्ट इटलीत आणली आणि १९५०च्या दशकात नेली. याला आधार होता; हद्दपारीच्या काळात, १९५२ साली, नेरुदा खरोखरच काप्री बेटावर राहिला होता. दिग्दर्शन मायकेल रॅडफर्ड या ब्रिटिश मित्राकडे सोपवलं, नेरुदाच्या भूमिकेत फ्रेंच नट फिलिप न्वारे आला. चित्रीकरण सालिना आणि प्रोचिदा या बेटांवर, उरलेलं रोमच्या स्टुडिओत. त्याआधी तो पुन्हा ह्यूस्टनला जाऊन आला होता आणि हृदय बदलण्याशिवाय मार्ग नाही असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. त्याने आधी चित्रपट पुरा करायचं ठरवलं. दिवसाला तास-दोन तास काम होई. सायकलवरची आणि चालण्याची बरीच दृश्यं बदली माणसाने केली. म्हणूनच या चित्रपटात त्रोइझी बहुधा बसलेला दिसतो आणि कॅमेरा त्याच्या चेहऱ्यापाशी रेंगाळतो.

कवी मायदेशी परतल्यावर पोस्टमन त्याच्यासाठी बेटाचे आवाज टेपवर भरतो, तो भाग सगळ्यांत सुरेख आहे. लहान लाटा, मोठ्या लाटा, कड्यावरचा वारा, झुडपांतला वारा, वडिलांची उदास जाळी, चर्चची घंटा. ताऱ्यांनी भरलेलं आभाळसुद्धा तो ध्वनिमुद्रित करू पाहतो. शेवटी बायकोच्या पोटावर मायक्रोफोन टेकवून न जन्मलेल्या बाळाच्या हृदयाचे ठोके. चित्रपटाला ऑस्करची पाच नामांकनं मिळाली, त्यांत सर्वोत्कृष्ट चित्रपटाचंही होतं. त्रोइझीला मरणोत्तर दोन, अभिनयाचं आणि पटकथेचं. पटकथेच्या नामांकनात पाविन्यानोही होती. पुरस्कार मिळाला तो लुईस बाकालोव्हच्या संगीताला.

२०२३ साली नेपल्सचाच दिग्दर्शक मारियो मार्तोने याने त्याच्यावर माहितीपट केला, आणि हसवणाऱ्या नटाच्या पलीकडचा दिग्दर्शक त्रोइझी त्यात नीट मांडला. त्याच्या गावी त्याच्या नावाने विनोदी कलावंतांना पुरस्कार दिला जातो. ज्यांनी त्याचा एकही चित्रपट पाहिला नसेल त्यांना माझं सांगणं एवढंच की पोस्टमनपासून सुरुवात करू नका. आधी 'रिकोमिन्चो दा त्रे' पाहा, उपशीर्षकं असली तरी त्याच्या आवाजाकडे कान ठेवून. मग 'के ओरा ए'. या दोहोंनंतर 'इल पोस्तिनो' पाहिला की त्यातली शांतता आजाऱ्याची वाटणार नाही; बारा-तेरा वर्षं हाच माणूस ती घडवत आला होता, हे दिसेल.