पाणी जड, खर्चही जड!

तंजावूरच्या राजवाड्याच्या परिसरात आजही मराठी बोलणारी कुटुंबे राहतात. १६७६ ते १८५५ या काळात येथे भोसल्यांची गादी होती. जवळच, बृहदीश्वर मंदिराशेजारी शिवगंगा तळे आहे. तेथे पावसाचे पाणी साठवले जाई. पावसाचे पाणी मुळातच मृदू, त्यात साबणाला लगेच फेस येतो. बोअरचे पाणी मात्र जमिनीतले कॅल्शियम व मॅग्नेशियमचे क्षार घेऊन वर येते. मग डाळ लवकर शिजत नाही, साबण जास्त लागतो आणि गीझरच्या कॉइलवर पांढरा थर चढून विजेचे बिल वाढते.

यावर उपाय म्हणजे वॉटर सॉफ्टनर. त्यातील रेझिनचे बारीक मणी हे क्षार धरून ठेवतात व त्या बदल्यात पाण्यात सोडियम सोडतात. मणी थकले, की मिठाच्या पाण्याने धुऊन ते पुन्हा ताजे करायचे.

केवढा घ्यावा?

आधी प्रयोगशाळेत पाणी तपासून घ्या. समजा, जडपणा लिटरला ४०० मिलिग्रॅम आहे व घरात रोज ५०० लिटर पाणी लागते. २५ लिटर रेझिन सुमारे ३,००० लिटर पाणी मृदू करते. म्हणजे दर सहाव्या दिवशी धुलाई आणि प्रत्येक वेळी साधारण तीन किलो मीठ.

बसवताना

सॉफ्टनर टाकीनंतर व गीझरच्या आधी बसवावा. बायपास व्हॉल्व्ह आणि सांडपाण्याची नळी हवीच. पाणी गढूळ असेल, तर आधी फिल्टर लावावा. मिठाचे सांडपाणी तुळशीला किंवा नारळाच्या आळ्यात सोडू नका.

फेस येईनासा झाला तर?

मेकॅनिकला बोलावण्यापूर्वी चार गोष्टी पाहा. बायपास चुकून उघडा राहिला आहे का? मीठ संपले आहे का? मिठाचा वरचा थर घट्ट होऊन खाली पोकळी झाली असेल, तर लाकडी काठीने तो हलकेच फोडा. मिठाचे पाणी ओढणारे छिद्र कचऱ्याने बुजले असेल, तर ते साफ करा. एवढे करूनही फरक पडला नाही आणि मणी तांबूस दिसले, तर पाण्यातील लोहाने ते खराब झाले असण्याची शक्यता असते.

एक काळजी मात्र घ्यायलाच हवी. वरच्या उदाहरणातील पाण्यात लिटरमागे सुमारे १८० मिलिग्रॅम सोडियम वाढते. घरात आजोबांना किंवा सासूबाईंना रक्तदाबामुळे मीठ वर्ज्य असेल, तर स्वयंपाकघरात पिण्यासाठी सॉफ्टनरशिवायचा वेगळा नळ ठेवा. हा नळ पहिल्याच दिवशी, प्लंबर घरी असतानाच बसवून घ्या.