काढून टाकलेला दावा आणि तीस दिवस

दिवाणी न्यायालयात शिपाई दारात येऊन पक्षकारांच्या नावाचा पुकारा करतो. वादी हजर नाही, त्याचे वकीलही नाहीत, असे झाले की न्यायाधीश बहुधा थोडी वाट पाहतात आणि दुपारी पुन्हा पुकारा करायला सांगतात. तेव्हाही कोणी आले नाही तर रोजनाम्यात एक ओळ पडते: वादी गैरहजर, दावा काढून टाकला. दहा-बारा वर्षे चाललेला जमिनीच्या ताब्याचा दावा त्या एका ओळीने संपतो. कोणाचे खरे, कोणाचे खोटे, हे तपासायची वेळच येत नाही.

असा दावा पुन्हा उभा करता येतो, हे पुष्कळांना ऐकून माहीत असते. किती दिवसांत, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक असते.

आधी एक फरक लक्षात घ्या. पुकाऱ्याला वादी आणि प्रतिवादी दोघेही गैरहजर असतील, तर वादीला जुना दावा पूर्ववत करून मागता येतो, किंवा मूळ मुदत शिल्लक असेल तर नवा दावाही लावता येतो. पण प्रतिवादी हजर आणि वादी गायब, अशा वेळी दावा निघाला तर त्याच कारणावरून नवा दावा लावायला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९, नियम ९ ने बंदी आहे. मग जुना दावा पूर्ववत करून मागण्यावरच सारी भिस्त.

त्यासाठी मुदत अधिनियम, १९६३ च्या अनुच्छेद १२२ ने तीस दिवस दिले आहेत. हे दिवस हुकुमाच्या तारखेपासून मोजतात. माझ्याकडे येणारे पक्षकार हमखास म्हणतात, "साहेब, मला तर परवा कळलं. मग परवापासून धरा ना." वादीच्या बाबतीत तसे धरता येत नाही. हुकुमाचा दिवस तेवढा वगळतात. १० जूनला दावा निघाला तर शेवटचा दिवस १० जुलै. त्या दिवशी न्यायालय बंद असेल, तर ते उघडेल त्या दिवशी अर्ज देता येतो. आणखी एक खाचखळगा आहे. अपिलात हुकुमाची नक्कल मिळायला लागलेले दिवस वजा मिळतात, या अर्जात मिळत नाहीत. नकलेची वाट पाहत बसलेला माणूस इथे फसतो. मुदत टळलेली आहे हे विरुद्ध बाजूने सांगितले नाही तरी न्यायालयाला ते पाहावेच लागते.

प्रतिवादीला कायद्याने थोडे झुकते माप दिले आहे, आणि ते योग्यच आहे. त्याच्याविरुद्ध एकतर्फी हुकूमनामा झाला तर अनुच्छेद १२३ नुसार मुदत तीसच दिवस, पण समन्स रीतसर बजावलेले नसेल तर ती हुकूमनामा कळल्यापासून मोजतात. आपण वाचतो त्या वर्तमानपत्रांतल्या जाहीर नोटिसा या अनुच्छेदापुरत्या रीतसर बजावणी मानल्या जात नाहीत.

आता, दावा पूर्ववत करण्यासाठी दिलेला अर्जच गैरहजेरीत निघाला तर? तोही पुन्हा उभा करून मागता येतो. १९७६ च्या दुरुस्तीने संहितेच्या कलम १४१ मध्ये हे स्पष्ट केले आहे. मुदत किती, यावर मात्र वाद आहे. अनुच्छेद १२२ मध्ये दावा, अपील, पुनर्विलोकन आणि पुनरीक्षण यांचीच नावे आहेत, म्हणून अशा अर्जाला अनुच्छेद १३७ ची तीन वर्षे मिळतात, असा युक्तिवाद होतो. त्या भरवशावर राहण्याचा सल्ला मी कोणालाही देत नाही.

मद्रासकडच्या एका प्रकरणात नेमके हेच घडले होते. १९९१ मध्ये एकतर्फी हुकूमनामा झाला. तो रद्द करण्याचा अर्ज १७ फेब्रुवारी १९९३ रोजी गैरहजेरीत निघाला. पक्षकार पुन्हा आला तो १९ ऑगस्ट १९९५ ला. तीस दिवस सोडून ८८३ दिवसांचा उशीर! वकिलांनी काही कळवलेच नाही, असे त्याचे म्हणणे होते. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये, त्याने दुसऱ्या बाजूला खर्चाची रक्कम द्यावी या अटीवर, तो उशीर माफ केला. उशीर किती यापेक्षा कारण पटते का, हे पाहावे असे न्यायालयाने सांगितले. मुदत अधिनियमाचे कलम ५ ते हेच. पण म्हणून निर्धास्त राहू नका. २०२४ मध्ये त्याच न्यायालयाने ५६५९ दिवसांचा उशीर माफ करायला नकार दिला. तो खटला भूसंपादनाच्या अपिलाचा होता.

सर्वांत कडक नियम दरखास्तीला आहे. हुकूमनामा मिळवून त्याच्या अंमलबजावणीसाठी दिलेली दरखास्त गैरहजेरीत निघाली, तर आदेश २१, नियम १०६ प्रमाणे तीस दिवस, आणि कलम ५ ची माफी आदेश २१ च्या अर्जांना नाहीच. न्यायालयाचे अंगभूत अधिकारही इथे वापरता येत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये एका बँकेच्या दरखास्तीत सांगितले. दावा जिंकलेला माणूस निवांत होतो आणि याच टप्प्यावर तारखा चुकवतो! हुकूमनाम्याची बारा वर्षे संपलेली नसतील तर नवी दरखास्त देण्याचा विचार करता येतो. मात्र आधीची जप्ती तोवर उठलेली असू शकते.

वकिलांवर सगळे सोडू नका, असे मी स्वतः वकील असून सांगतो. प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षरी-अंकी सीएनआर क्रमांक असतो. तो आजच मागून घ्या. ई-कोर्ट्सच्या ॲपवर तो घातला की पुढची तारीख दिसते आणि प्रकरण निकाली निघाले असेल तर तेही दिसते. तसे दिसले, तर त्याच आठवड्यात अर्ज द्या. सोबत प्रतिज्ञापत्र, आणि गैरहजेरीचा पुरावा हवा: दवाखान्याचे कागद, एसटीचे तिकीट, जे असेल ते. "अपरिहार्य कारणामुळे" एवढेच लिहिलेले अर्ज मी नामंजूर होताना पाहिले आहेत.