हत्तीरोग, कार्टून आणि भंडाऱ्याच्या नाल्या

वॉल्ट डिस्नेच्या स्टुडिओने १९४३ साली अमेरिकी सरकारसाठी 'द विंग्ड स्कर्ज' हा हिवतापावरचा छोटा कार्टूनपट केला, मुख्यतः लॅटिन अमेरिकेतल्या प्रेक्षकांसाठी. हिमगौरीचे सात बुटके त्यात गवत कापतात, खड्डे बुजवतात, डबक्यावर तेल सोडतात. लक्षात राहतात ते बुटके. पण चित्रपटाचे खरे बळ आहे ते डासाची मादी आजाऱ्याचे रक्त पिऊन रोग धडधाकट माणसापर्यंत कसा नेते, हे दाखवणाऱ्या भागात. कॅमेरा जिथे पोहोचत नाही तिथे रेघ पोहोचते. मुंबईत फिल्म्स डिव्हिजनचा कार्टून विभाग १९५६ च्या सुमारास उभा राहिला, तेव्हा शिकवायला आलेले क्लेअर वीक्सही डिस्नेकडचेच होते.

भंडारा जिल्ह्याला या रेघेची गरज आजही आहे, आणि ती हत्तीरोगासाठी. सुजलेल्या पायाचा फोटो काढता येतो, पण तोवर उशीर झालेला असतो. त्याआधी कित्येक वर्षे कृमी लसीकावाहिन्यांत राहतात, त्यांची सूक्ष्म पिल्ले रात्री रक्तात उतरतात (म्हणून तपासणीचे रक्त रात्री घेतात), आणि माणसाला काहीच जाणवत नाही. आशाताई गोळ्या घेऊन दारात आली की तो विचारतो, मला झालंय काय? गोळीनंतर कुणाला ताप येतो, मळमळते. बहुतेकदा ती कृमी मरत असल्याची खूण असते. गावात मात्र बोभाटा होतो औषध बाधल्याचा. शरीरात नेमके काय चालले आहे हे दोन मिनिटांच्या चित्रात जेवढे पटेल, तेवढे पत्रकाने पटणार नाही.

यावर आक्षेप जुनाच आहे: पडद्यावरचा राक्षसी डास पाहून खेडूत म्हणतात, आमच्याकडचे डास एवढे मोठे नाहीत. हा किस्सा फार सांगितला जातो, पण त्यात प्रेक्षकाच्या समजुतीला कमी लेखले आहे. लहानाचे मोठे का केले, एवढे सांगितले की कुणालाही ते कळते.

खरी अडचण उपायांत आहे. बुटक्यांचे तेल भंडाऱ्यात चालणार नाही. इथल्या मालगुजारी तलावांवर धानाच्या बांध्या भिजतात, मासळी आणि शिंगाडे निघतात. शिवाय हत्तीरोग पसरवणारा क्युलेक्स डास वाढतो मुख्यतः तुंबलेल्या घाण पाण्यात, म्हणजे नाल्यांत आणि शौचालयांच्या टाक्यांत. टाकीच्या वायुनळीला जाळी घरमालक लावील; नाली वाहती ठेवणे एकट्या घराच्या हातात नसते. सात बुटके आपल्या घराभोवतीचे सगळे स्वतःच करतात. त्यांच्या गोष्टीत ग्रामपंचायत नाही, नगरपालिका नाही. भंडाऱ्यासाठी चित्र काढायचे तर नालीच्या उताराचा आराखडा करणारा अभियंता आणि त्याला मंजुरी देणारी सभा ही पात्रे त्यात आधी घालावी लागतील.