चौघीजणींच्या घरचा जमाखर्च

गळीत हंगाम सुरू झाला की आमच्या पुरुषोत्तमनगरात घड्याळापेक्षा कारखान्याच्या पाळ्यांवरच सगळा संसार चालतो. कुणाचा डबा पहाटे, कुणाचा दुपारी. रस्त्यावर उसाच्या गाड्यांची रांग आणि हवेत मळीचा वास. अशाच एका दुपारी शेजारची बारावीतली मुलगी माझं 'चौघीजणी' परत करायला आली. रडून डोळे लाल झालेले! "काकू, ज्योने लॉरीला नाही का म्हटलं हो?" हा तिचा पहिला प्रश्न. मागोमाग तिची आई आली. मुलीला साहित्य घेऊन बी. ए. करायचंय, घरच्यांचा आग्रह फार्मसीचा. आई म्हणाली, "वाचायला आमची ना नाही हो. पण गोष्टी लिहून-वाचून कुणाचं पोट भरलंय का?"

मला हसू आलं. कारण जे पुस्तक तिच्या मुलीच्या हातात होतं, त्याच पुस्तकाने एका कर्जबाजारी घराचं पोट खरोखर भरलं होतं! मग चहा ठेवला आणि दोघींना त्या घराची हकिकत सांगितली. तीच आज तुम्हालाही सांगते.

दोन घरं, एक गाव

'चौघीजणी' हा शांता शेळके यांनी केलेला 'लिटल विमेन'चा अनुवाद. मेग, ज्यो, बेथ आणि एमी या चार बहिणी आपल्याकडच्या कितीतरी मुलींना मावसबहिणींइतक्या जवळच्या वाटतात. मूळ लेखिका लुइसा मे अल्कॉट. तिचा जन्म १८३२चा. बोस्टनजवळचं काँकॉर्ड हे छोटंसं गाव तिचं घर. त्या काळी अमेरिकेतले मोठमोठे विचारवंत याच गावात राहत होते. इमर्सन तिथलाच, थोरोही तिथलाच. लुइसाचे वडील ब्रॉन्सन अल्कॉट हे या मंडळींचे स्नेही.

गंमत बघा, काँकॉर्डच्या थोरोला मराठीत आणलं तेही एका बाईनेच. त्याच्या 'वॉल्डन'चा अनुवाद दुर्गा भागवतांनी केला. १८४५ साली थोरो तळ्याकाठी झोपडी बांधून दोन वर्षं राहिला. झोपडीचा खर्च त्याने पुस्तकात पै-पैसह मांडलाय : २८ डॉलर आणि साडेबारा सेंट. मधूनमधून तो गावात आईकडे जेवायलाही जात असे. त्या जेवणाचा खर्च मात्र कुणी मांडला नाही! आणि हा थोरो मराठीत आणणाऱ्या दुर्गाबाईंनी 'खमंग' नावाचं पाककृतींचं पुस्तकही लिहिलं, बरं का. विचार आणि स्वयंपाक यांचं वैर आहे असं त्यांना कधी वाटलं नसावं.

लुइसाच्या घरात मात्र या दोघांचं फारसं जमलं नाही.

साखर वर्ज्य

ब्रॉन्सन अल्कॉट माणूस मोठा सज्जन. मुलांना मारून नव्हे, प्रश्न विचारून शिकवावं, असं तेव्हा सांगणारा. त्याने एका काळ्या मुलीला शाळेत घेतलं, लोकांनी आपली मुलं काढून घेतली, आणि शाळा बुडाली. पण त्याने त्या मुलीला काढलं नाही. अशा माणसाला नावं कशी ठेवायची? मात्र नियमित मिळकत त्याला आयुष्यभर जमली नाही.

१८४३ साली काही मित्रांना घेऊन तो 'फ्रूटलँड्स' नावाच्या शेतावर राहायला गेला. तिथे आदर्श जीवन जगायचं ठरलं. दूध नाही, लोणी नाही, चहा-कॉफी नाही. लोकर मेंढीची म्हणून नको. कापूस गुलामांकडून पिकवून घेतलेला म्हणून नको. आणि साखरही नको, कारण तिकडच्या उसाच्या मळ्यांत गुलाम राबत होते. साखर कारखान्याच्या सावलीत राहणाऱ्या आम्हा बायकांना हे ऐकून थोडं हसू येतं, थोडं चमकायलाही होतं. साखरेच्या दाण्यामागे कुणाचे हात राबले, हा प्रश्न त्या घराने पावणेदोनशे वर्षांपूर्वी विचारला होता.

पण तत्त्व पाळायचं म्हणजे घरात कुणीतरी ते शिजवायला, धुवायला, शिवायला लागतंच. ते काम लुइसाच्या आईकडे, अॅबीकडे आलं. पुढे १८७३ साली लुइसाने या प्रयोगावर एक विनोदी कथा लिहिली. तिच्यात सातूचं पीक कापून पडलेलं आहे, आभाळ भरून आलंय आणि पुरुषमंडळी उपदेशासाठी गावोगाव गेली आहेत. शेवटी आई आणि पोरी चादरी-टोपल्यांत भरून धान्य घरात आणतात. प्रत्यक्षात तो प्रयोग सात महिन्यांतच, १८४४च्या जानेवारीत मोडला. लुइसा तेव्हा अकरा वर्षांची होती. थोर विचार कुणाच्या पाठीवर उभे असतात, हे तिने इतक्या लहानपणी पाहिलं.

सात आठवडे, चार डॉलर

मग लुइसाने कमवायला सुरुवात केली. शिवणकाम केलं, मुलांना शिकवलं. अठराएक वर्षांची असताना एका घरी सोबतीण म्हणून राहिली. प्रत्यक्षात बर्फ उपसणं, पाणी भरणं, बूट पुसणं, सगळंच तिच्या गळ्यात पडलं. सात आठवड्यांनी हातावर चार डॉलर पडले. घरच्यांनी ते परत पाठवले!

ती कथाही लिहीत होती. १८६२ साली बोस्टनच्या एका नामवंत प्रकाशकाने, जेम्स फील्ड्सने, तिला सांगितलं की लिहिणं तुझं काम नाही, तू शिकवतच राहा. शाळेसाठी त्याने चाळीस डॉलर उसनेही दिले. पुढे पुस्तकं खपू लागल्यावर लुइसाने ते चाळीस डॉलर फेडले. त्या दिवशी तिला काय वाटलं असेल, हे कुठल्याही बाईला सांगायला नको.

मधे अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं. याच युद्धाने तिथली गुलामगिरी संपली, आणि त्याचं मोल इकडे पुण्यात जोतीराव फुल्यांनी ओळखलं. १८७३ साली आलेलं 'गुलामगिरी' हे पुस्तक त्यांनी अमेरिकेतल्या गुलामांना मुक्त करण्यासाठी झटणाऱ्या लोकांनाच अर्पण केलं. अल्कॉट घराणं अशाच लोकांपैकी. लुइसा १८६२च्या डिसेंबरात वॉशिंग्टनजवळच्या लष्करी इस्पितळात परिचारिका म्हणून गेली. थोड्याच आठवड्यांत तिला विषमज्वराने गाठलं. आजारपणात तिचे लांब केस कापावे लागले. कादंबरीतली ज्यो वडिलांसाठी केस विकते, तो प्रसंग आठवतो ना? औषधातल्या पाऱ्याने आपली प्रकृती कायमची बिघडली, असं लुइसा पुढे म्हणत असे.

हक्क विकू नका

१८६७ साली टॉमस नाइल्स या प्रकाशकाने तिला मुलींसाठी पुस्तक लिहायला सांगितलं. तिला मुळीच उत्साह नव्हता. पण वडिलांचंही एक पुस्तक त्याच्याकडून निघायचं होतं! अखेर वडिलांनी दोन खिडक्यांच्या मधे बसवून दिलेल्या अर्धगोल मेजावर ती लिहायला बसली. सुरुवातीची प्रकरणं तिला स्वतःला आणि नाइल्सलाही रटाळ वाटली. नाइल्सच्या नात्यातल्या एका मुलीने मात्र ती आवडीने वाचली. ३० सप्टेंबर १८६८ला पहिला भाग आला आणि बघता बघता संपला.

आता मैत्रिणींनो, महत्त्वाची गोष्ट. पुस्तकाचे हक्क एकरकमी विकू नकोस, खपाप्रमाणे पैसे घे, असा सल्ला नाइल्सने दिला आणि तिने तो मानला. त्या एका निर्णयाने घरावरची जुनी देणी फिटली.

मग मुलींची पत्रं येऊ लागली : ज्योचं लग्न लॉरीशी कधी? लुइसाला ज्यो अविवाहितच हवी होती, स्वतःसारखी. प्रकाशक आणि वाचक ऐकेनात. तेव्हा १८६९च्या दुसऱ्या भागात तिने ज्योची गाठ प्रोफेसर बेअरशी घातली, पण लॉरीशी नाहीच. शेजारच्या मुलीच्या प्रश्नाचं उत्तर हे असं आहे. मुलीला मनासारखा मुलगा मिळाला की गोष्ट संपली, एवढंच लिहायला लुइसा तयार नव्हती.

खर्चाची बाजू

जमेच्या बाजूला एवढं सगळं मांडलं, तर खर्चाचीही बाजू मांडायला हवी. कमावती मुलगी मिळाली की घर तिच्यावरच रेलतं. १८७० साली थोरल्या बहिणीचा नवरा गेला, तेव्हा तिच्या दोन मुलांची सोय व्हावी म्हणून लुइसाने 'लिटल मेन' लिहिलं. धाकटी मे चित्रकला शिकायला युरोपात गेली, तीही लुइसाच्याच पैशांवर. १८७९च्या अखेरीस मे बाळंतपणानंतर वारली आणि तिची तान्ही लेक लुइसाकडे आली. उजवा हात दुखू लागला तेव्हा लुइसा डाव्या हाताने लिहायला शिकली. १८८७ साली तिने आपल्या भाच्याला रीतसर दत्तक घेतलं, आपल्यामागे पुस्तकांचे हक्क कुटुंबाकडेच राहावेत म्हणून. ४ मार्च १८८८ला वडील गेले. दोनच दिवसांनी लुइसाही गेली, अवघ्या पंचावन्नाव्या वर्षी.

तेव्हा पोट भरतं का, तर हो, भरतं. पण एकट्या लेकीच्या कमाईवर सगळ्या घराने बसू नये, हेही याच हिशेबात लिहिलंय. मुलगी औषधं देवो की गोष्टी लिहो, तिच्या कमाईचं खातं तिच्या नावावर असावं, सही करण्याआधी तिने कागद पुरता वाचावा, आणि घरचं सातूचं पीक भिजायला लागलं तर सगळ्यांनी मिळून आत आणावं.

शांताबाईंनीही आयुष्यभर एकटीने आपल्या लेखणीवर आणि अध्यापनावर गुजराण केली. लुइसाने काही रोमांचक कथा ए. एम. बर्नार्ड या टोपणनावाने छापल्या होत्या. शांताबाईंची काही गाणी डॉ. वसंत अवसरे या नावाने आली. १९९६ साली आळंदीच्या साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद त्यांच्याकडे आलं, तसं दुर्गाबाईंकडे कऱ्हाडचं, १९७५ साली.

चहा संपला. मुलगी फार्मसीला जाणार की बी. ए.ला, ते अजून ठरायचंय. निघताना तिची आई मात्र पुस्तक मेजावरून उचलून म्हणाली, "हे आठ दिवस मी नेऊ का? ह्यांची रात्रपाळी आहे, तसंही जागीच असते."