अंगठ्याला सुट्टी

एनबीए या अमेरिकेतल्या बास्केटबॉल लीगच्या एका मोसमात प्रत्येक संघ 82 सामने खेळतो. एका सामन्यात बारा-बारा मिनिटांची चार सत्रं, म्हणजे घड्याळावर 48 मिनिटं. ‘एनबीए टूके’ या व्हिडिओ गेममध्ये हे सगळे सामने खऱ्या लांबीने आणि स्वतःच्या हातांनी खेळायचे ठरवले, तर नुसतं चालतं घड्याळ साडेपासष्ट तासांचं होतं. फ्री थ्रो, टाइम आउट, बदली खेळाडू यांत जाणारा वेळ वेगळाच. नोकरी आणि घर सांभाळणाऱ्या माणसाचा एक मोसम संपेपर्यंत गेमची पुढची आवृत्ती बाजारात आलेली असते. म्हणून आमच्यासारखे लोक सिम करतात. सामना खेळायचा नाही, संगणकाला खेळवायला सांगायचा आणि निकाल बघायचा.

कंट्रोलर घट्ट धरून खेळणाऱ्यांना ही पळवाट वाटते. ‘मग खेळतोस कशाला?’ हा त्यांचा ठरलेला प्रश्न. त्यांना एक हिशेब दाखवावासा वाटतो. तीस संघांचे मिळून मोसमात 1230 सामने होतात. त्यातले स्वतःच्या संघाचे 82 तुम्ही घाम गाळून खेळलात, तरी उरलेले 1148 संगणकानेच उरकलेले असतात. प्लेऑफमध्ये समोर कोण येणार, कोणाचा हुकमी खेळाडू जायबंदी होणार, एमव्हीपी म्हणजे मोसमाचा सर्वोत्तम खेळाडू कोण ठरणार, हे सगळं त्या 1148 सामन्यांत ठरतं. तेव्हा सोवळ्यात कोणीच नाही.

सिमचं काम दिसायला अगदी रुक्ष. ‘मायएनबीए’ या विभागात मोसमाचं कॅलेंडर उघडायचं, पुढची एखादी तारीख निवडायची आणि बटण दाबायचं. दिवसांचे चौकोन भराभर पुढे सरकतात, प्रत्येकात एक स्कोअर उमटतो. मध्येच कोणाला दुखापत झाली किंवा दुसऱ्या संघाकडून ट्रेडचा, म्हणजे खेळाडूंच्या अदलाबदलीचा, प्रस्ताव आला, तर गाडी थांबते. अख्खा नोव्हेंबर चहाचा कप रिकामा होण्याआधी संपतो. बोटांना काम नाही. डोळ्यांना मात्र भरपूर आहे, आणि ते सगळं चौकोन थांबल्यावर सुरू होतं.

मी आधी मिनिटं बघतो. पाच खेळाडू गुणिले 48, म्हणजे एका सामन्यात वाटायला 240 मिनिटं. कराराच्या पैशांइतकीच ही वाटणी महत्त्वाची. सगळं संगणकावर सोपवलं, तर तो बहुतांशी आजचं रेटिंग बघून मिनिटं देतो. चौतिसाव्या वर्षीही 79 रेटिंग टिकवून असलेला जुना गडी तीस मिनिटं खेळतो आणि पुढे ज्याच्यावर संघ उभा राहायचा तो वीस वर्षांचा पोरगा बाकावर बसून राहतो. मिनिटं मिळाली नाहीत, तर तो वाढत नाही. म्हणून रोटेशन हाताने लावायचं. याला 34, त्याला 28, पोराला कसंही करून 22. बेरीज 240 च्या पुढे जाऊ द्यायची नाही.

मग बॉक्स स्कोअर, म्हणजे सामन्याच्या आकड्यांचा तक्ता. नवखा माणूस कोणी किती गुण केले ते बघतो. मुरलेला सिमवाला चार गोष्टी शोधतो: फेकींची अचूकता, चेंडू गमावण्याचं प्रमाण, आक्रमणातले रिबाउंड आणि फ्री थ्रो. हे चार घटक डीन ऑलिव्हर या विश्लेषकाने 2004 साली ‘बास्केटबॉल ऑन पेपर’ या पुस्तकात मांडले. त्यांचं वजन त्याने ढोबळपणे 40, 25, 20 आणि 15 टक्के असं धरलं होतं. सलग पाच सामने हरल्यावर ट्रेडच्या पडद्याकडे धावण्याआधी हे आकडे वाचावेत. फेकी चांगल्या पडताहेत पण चेंडू फार गमावला जातोय, असं दिसलं तर संघाला हवा असतो शांत डोक्याचा पॉइंट गार्ड. आणखी एक नेमबाज आणून काही होत नाही.

पडद्यामागे नेमकं काय होतं? ‘बास्केटबॉल जीएम’ नावाचा, जेरेमी शेफ याने बनवलेला, ब्राउझरमध्ये फुकट चालणारा एक गेम आहे. त्यात हाताने खेळायची सोयच नाही, सिम हाच सगळा खेळ, आणि त्याचा कोड कोणालाही वाचता येतो. सामना तिथे एकेका पझेशनने, म्हणजे एका संघाच्या ताब्यात चेंडू असण्याच्या एकेका पाळीने, पुढे जातो. आधी चेंडू गमावला का, ते ठरतं. नसेल तर फेक कोण घेणार, कुठून घेणार, समोरच्याने अडवली का, पडली का, नाही पडली तर रिबाउंड कोणाचा. प्रत्येक पायरीवर खेळाडूंची रेटिंग शक्यता ठरवतात आणि मग फासा पडतो. थकवा मोजला जातो, यजमान संघाला किंचित झुकतं माप मिळतं. आजच्या एनबीएत एका संघाच्या वाट्याला सामन्यात साधारण शंभर पझेशन येतात. म्हणजे दोन्ही संघ धरून दोनशे छोट्या फाशांची बेरीज.

शाळेत मागच्या बाकावर पुस्तक क्रिकेट खेळलेल्यांना हे नवं नाही. पान उघडायचं, क्रमांकाचा शेवटचा अंक म्हणजे धावा, शून्य आलं की आउट. त्या खेळात एकच उणीव होती. तेंडुलकर असो की अकरावा गडी, पुस्तकाला दोघे सारखेच. अमेरिकेत हॅल रिचमन याने 1961 साली ‘स्ट्रॅट-ओ-मॅटिक’ हा बेसबॉलचा खेळ विकायला काढला, तेव्हा प्रत्येक खेळाडूला त्याच्या खऱ्या आकडेवारीवर बेतलेलं स्वतंत्र कार्ड दिलं. फासे तेच, पण कार्ड बदललं की त्यांचा अर्थ बदलायचा. आजचं सिम त्याच घराण्यातलं आहे. कार्डाच्या जागी डझनावारी रेटिंग आली आणि फासे संगणक टाकू लागला, इतकंच.

फासे म्हटले की नशीब आलं. ते किती मोठं असतं याचा अंदाज हाताने खेळणाऱ्याला येत नाही. समजा तुमचा संघ सरासरी प्रतिस्पर्ध्यापेक्षा पाच गुणांनी सरस आहे. एका सामन्यातला गुणफरक सरासरीपासून सहज बारा गुण इकडे-तिकडे होतो. त्यामुळे असा चांगला संघही तीनपैकी दोनच सामने जिंकतो. 82 सामन्यांत अपेक्षा 54 विजयांची, पण तोच संघ आणि तेच वेळापत्रक पुन्हा पुन्हा चालवलं तर कधी 48 येतील, कधी 60. प्लेऑफमधल्या सात सामन्यांच्या मालिकेत हाच संघ शंभरात ऐंशीच्या थोडं वर वेळा जिंकेल. विजेतेपदाला मात्र अशा चार मालिका ओळीने जिंकाव्या लागतात, आणि चारही जिंकण्याची शक्यता निम्म्याहून कमी भरते. तीही प्लेऑफमधले प्रतिस्पर्धी सरासरीच आहेत असं धरून.

हे उमगलं की हरण्याकडे बघण्याची नजर बदलते. निर्णय बरोबर असूनही निकाल वाईट लागू शकतो, आणि उलटही. हाताने खेळताना हा भेद पुसला जातो. संघबांधणी भोंगळ असली तरी ओळखीच्या दोन-तीन चाली आणि सरावलेला अंगठा सामना काढून देतात. बचाव न करणारे तीन नेमबाज एकत्र घेतलेत? काही बिघडत नाही, बचाव तुम्हीच करता. सिममध्ये अंगठ्याला सुट्टी असते. ज्याला घेतलं, ज्याला काढलं, ज्याला चार वर्षांचा करार दिला, तेच मैदानावर उतरतात आणि तुम्ही काचेपलीकडे. संघ कसा बांधलाय याची एवढी सरळ परीक्षा हातांनी खेळून होत नाही.

दोन्ही पद्धती मिसळणाऱ्यांनी एक गोष्ट सांभाळावी. हाताने खेळताना बरेच जण पाच-सहा मिनिटांची सत्रं ठेवतात. सिममधले सामने मात्र बारा मिनिटांच्या हिशेबाने चालले, तर तुमच्या स्टारचे तुम्ही खेळलेल्या सामन्यांत अकरा गुण आणि सिम केलेल्या सामन्यांत सत्तावीस, अशी खिचडी होते. सरासरीला अर्थ उरत नाही. सिमच्या सत्राची लांबी सेटिंगमध्ये बदलता येते. मोसम सुरू होण्याआधी दोन्ही आकडे जुळवून घ्यावेत.

खरा मोह वेगळाच आहे. सातवा सामना हरलो की गेम बंद करायचा, आधीची सेव्ह फाइल उघडायची आणि तोच सामना पुन्हा चालवायचा. फासे नवे पडतात, चषक मिळतो. पण निर्णयाची परीक्षा घ्यायला फासे ठेवलेत आणि नकोसे पडले की आपण ते उचलून पुन्हा टाकतोय, तर परीक्षा राहिली कुठे? पडेल ते दान पत्करण्यातच सिमची सगळी इज्जत आहे.

इतिहास पुन्हा चालवून बघणं हे मात्र वेगळं, आणि त्यात मजा मोठी. 1984 च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, ह्यूस्टनने पहिला हकीम ओलाजुवान घेतला, पोर्टलंडने दुसरा सॅम बोवी, आणि तिसऱ्या क्रमांकावर शिकागोला मायकल जॉर्डन मिळाला. बोवी दुखापतींनी कोलमडला आणि पोर्टलंडचा निर्णय थट्टेचा विषय होऊन बसला. ‘बास्केटबॉल जीएम’मध्ये त्या काळातली लीग सुरू करून पोर्टलंड चालवता येतं. मूळ सेटिंगमध्ये खेळाडूंची पुढची वाढ खऱ्या इतिहासाला बांधलेली नसते. त्यामुळे एखाद्या फेरीत जॉर्डन देव होतो, एखाद्या फेरीत नुसताच चांगला गार्ड राहतो, आणि बोवी दहा वर्षं धडधाकट खेळतो. एका फेरीवरून काहीच सिद्ध होत नाही. अनेक फेऱ्या बघितल्यावर पोर्टलंडचा निर्णय आपण किती सहज मूर्खपणाचा ठरवला, ते कळतं. क्लाइड ड्रेक्सलर त्यांच्याकडे आधीच होता, उणीव सेंटरची होती. त्यांना निर्दोष मात्र म्हणता येत नाही. केंटकी विद्यापीठात असतानाच बोवीचे दोन मोसम पायाच्या दुखापतीत गेले होते. हा फासा हलका आहे, हे टाकण्याआधीही दिसत होतं.

संघाबद्दल सिम असं खरं बोलतं. खोटं बोलतं ते काळाबद्दल. फिलाडेल्फियाने जनरल मॅनेजर सॅम हिंकी याच्या कारकिर्दीत मुद्दाम तळाला राहून वरचे ड्राफ्ट पिक मिळवण्याचं धोरण धरलं. 2013-14 पासून तीन मोसमांत विजय मिळाले 19, 18 आणि 10. सिमवाल्यासाठी ही नेहमीची चाल. तीन वाईट मोसम तो अर्ध्या तासात मागे टाकतो आणि पोरं तयार झाली की वेग कमी करतो. खऱ्या फिलाडेल्फियात त्या हरलेल्या 199 सामन्यांपैकी प्रत्येकाला कोणीतरी तिकीट काढून बसलं होतं. मालक, लीग, पत्रकार सगळे रोज बघत होते, आणि फळ बघायला हिंकी तिथे उरला नाही. एप्रिल 2016 मध्ये त्याने राजीनामा दिला. डेट्रॉइट 2023-24 मध्ये ओळीने 28 सामने हरलं. कॅलेंडरवर हे 28 चौकोन सरकायला मिनिटही लागत नाही. त्या शहरात दोन महिने लागले.

हरणं स्वस्त झालं की धीर धरणंही स्वस्त होतं, आणि मग माणूस स्वतःला दूरदृष्टीचा समजू लागतो. त्यावर उपाय सेटिंगमध्ये सापडत नाही, तो सिमच्या लांबीत आहे. एका बैठकीत दहा मोसम पळवणाऱ्याला शेवटी विजेत्यांची यादी मिळते, संघ मिळत नाही. मी आठवड्याच्या वर सिम करत नाही. तीन-चार सामने होतात, बॉक्स स्कोअर वाचायचे, मिनिटं हलवायची, एखाद्याला बाकावर बसवायचं, मग पुढचा आठवडा. संघ हरत असला की तोच आठवडा लांबतो, पुढचं बटण दाबायला हात धजत नाही, आणि ट्रेडचा पडदा खुणावत राहतो. तिथे न जाता आणखी एक आठवडा तोच संघ चालू ठेवणं, हे या खेळातलं सगळ्यात अवघड काम. ज्याला ते जमतं त्याने सामना खेळला नाही, असं मी म्हणणार नाही.