दोन सकाळींचे मैदान

ठाण्यातील खोपट या वस्तीच्या नावाचा शब्दशः अर्थ घ्यावा तर तो होतो झोपडी, गवताने शाकारलेले लहानसे घर. आणि ज्या वस्तीत आज गवताचे छप्पर शोधूनही सापडायचे नाही, जेथे एसटीच्या स्थानकाभोवती मजल्यांवर मजले चढत गेले आहेत आणि मोकळी म्हणावी अशी जमीन बहुतांशी जुन्या नकाशांतच उरली आहे, त्या खोपटात उभे राहून छप्पर मुळीच नसलेल्या एका वास्तूचा विचार मनात यावा, हा योग थोडा चमत्कारिकच म्हटला पाहिजे. ती वास्तू म्हणजे ईदगाह. ईदच्या सकाळी येथून फार दूर नसलेल्या राबोडीच्या दिशेने नवे कपडे घातलेली, अत्तराचा मंद दरवळ मागे ठेवीत जाणारी माणसे दिसतात. ठाणे-मुंबईच्या दाट वस्त्यांतील मशिदींत एका वेळी सर्वांना जागा पुरत नाही म्हणून पुष्कळ ठिकाणी एकामागून एक अशा दोन-दोन, तीन-तीन जमाती, म्हणजे सामुदायिक नमाजी, उभ्या कराव्या लागतात. आणि जे अवघ्या गावाने एकदम, एका इमामामागे, उघड्या आकाशाखाली करावयाचे, ते असे पाळीपाळीने उरकावे लागते.

ईदगाह हा शब्द फारसी आहे. ‘गाह’ म्हणजे स्थान. दर्गा या शब्दाच्या शेवटी तेच पद बसलेले आहे, आणि आपल्या रोजच्या बोलण्यातला ‘जागा’ हा शब्दही त्याच कुळातील ‘जायगाह’चा मराठी अवतार. ईदची जागा, इतका हा सरळ समास आहे. मराठी वाचकाला हा शब्द बहुधा प्रथम भेटतो तो हिंदीच्या पाठ्यपुस्तकात, प्रेमचंदांच्या १९३३ सालच्या कथेमुळे. तीतला हमीद जत्रेतली खेळणी व मिठाई सोडून आजीसाठी चिमटा घेऊन येतो, आणि वाचकाचे सारे लक्ष त्या चिमट्यावर खिळून राहिल्याने, ज्या जागेवरून कथेला नाव मिळाले ती जागा असते तरी कशी, हे विचारावयाचे राहूनच जाते.

ती असते अगदी साधी. पश्चिमेच्या अंगाला एक लांबच लांब भिंत, तिच्या मध्यभागी कमानीचा कोनाडा म्हणजे मेहराब, शेजारी खुतबा, म्हणजे प्रवचन, देणाऱ्याने उभे राहावे म्हणून चार-दोन पायऱ्यांचा मिंबर, भिंतीच्या दोन टोकांना हौस असलीच तर दोन छोटे मिनार, आणि भिंतीसमोर मैदान. याहून अधिक काही लागत नाही. मक्का आपल्या कोकणातून साधारणतः पश्चिमेस, किंचित उत्तरेकडे झुकून आहे, आणि ईदची नमाज सूर्य भालाभर वर आल्यापासून मध्यान्हापूर्वीपर्यंत केव्हाही होत असली तरी प्रत्यक्षात ती सकाळीच होते. त्यामुळे आपल्याकडे ईदगाहवर उभ्या राहिलेल्या माणसाच्या पाठीवर ऊन असते आणि त्याची सावली त्याच्या पुढे, भिंतीच्या दिशेने पडलेली असते. सज्दा करताना हजारो माणसे आपापल्या सावलीवर एकदम मस्तक टेकतात. छपराखाली हे दृश्य दिसणे नाही.

या रिवाजाचे मूळ मदिनेत आहे. हिजरीच्या दुसऱ्या वर्षी, म्हणजे इसवी सन ६२४ मध्ये, ईदची नमाज प्रथम झाली असे मानतात. मदिनेत पैगंबरांची स्वतःची मशीद असताना ते दोन्ही ईदना तेथे न थांबता वस्तीबाहेरच्या मोकळ्या जागेवर जात, समोर एक आखूड भाला रोवीत आणि त्याच्याकडे तोंड करून नमाज पढवीत, असे हदीसग्रंथ सांगतात; ईदगाहची लांबलचक भिंत पाहिली की त्या भाल्याचाच वंश शतकाशतकांनी असा विस्तारला असावा, असे मला आपले वाटते. जाताना एका वाटेने जावे आणि परतताना दुसरीने यावे, रमजान ईदला निघण्यापूर्वी विषम संख्येने खजूर खावेत, बकरी ईदला मात्र नमाज होईतो काही खाऊ नये, हेही तेथूनच आलेले दंडक. स्त्रियांनीही त्या मैदानावर यावे, असा पैगंबरांचा आदेश उम्मे अतिया या महिलेच्या कथनातून नोंदला गेला आहे. आपल्याकडे मात्र अहले हदीस पंथीयांच्या काही ईदगाह सोडल्या तर स्त्रिया सहसा तेथे दिसत नाहीत, आणि मुलांचे केस विंचरून, शिरखुर्म्याचे दूध आटवीत त्यांची सकाळ घरातच सरते. रिवाजाच्या मुळाशी असलेली गोष्ट रिवाजातूनच कशी गळून पडते, याचे याहून ठळक उदाहरण मला तरी ठाऊक नाही.

ईदच्या नमाजेला अजान नसते. रोजची बांग देऊन बोलवावे लागते ते विसरलेल्याला. ईदची आठवण कोणाला करून द्यावयाची? दोन रकातींची, म्हणजे दोन आवर्तनांची, ही लहानशी नमाज, तीत नेहमीपेक्षा अधिक तकबिरी, म्हणजे ‘अल्लाहु अकबर’चे उच्चार, आणि शुक्रवारी नमाजेपूर्वी होणारा खुतबा येथे नमाजेनंतर. रमजान ईदची नमाज थोडी उशिराने लावतात, कारण फितरा, म्हणजे ठरावीक मापाचे धान्य अथवा त्याची किंमत, गरिबांच्या हाती नमाजेपूर्वी पडला पाहिजे. बकरी ईदची लवकर आटोपतात, कारण कुर्बानी नमाजेनंतरच करता येते. ठाणे जिल्ह्यात यात आणखी एक बारकावा आहे. कल्याण-भिवंडीकडचे जुने कोकणी मुसलमान शाफई मताचे, तर उत्तरेकडून व देशावरून आलेले बहुसंख्य हनफी. हनफींच्या अधिक तकबिरी सहा, शाफईंच्या बारा. अनोळखी इमामामागे उभा राहिलेला माणूस कान टवकारून मोजत असेल तर नवल नाही. शाफई परंपरेत असेही मानतात की मशीद पुरेशी ऐसपैस असेल तर ईदची नमाज मशिदीतच बरी. कोकणातील बेताच्या वस्तीच्या गावांना आणि तेथल्या धुवांधार पावसाला हे मत फारच सोयीचे पडले असणार, आणि देशावरच्या मानाने कोकणपट्टीत ईदगाहची परंपरा ठळक दिसत नाही याचे एक कारण या मतात असावे, असा माझा तर्क आहे.

गावाने एकत्र जमून वेशीबाहेर जाणे ही कल्पना मराठी मनाला परकी नाही. दसऱ्याला आपण शिलांगणाला जातो, म्हणजे सीमोल्लंघन करतो. गावाची हद्द ओलांडून शमी-आपट्याचे पूजन होते, आणि परत फिरल्यावर सोने म्हणून आपट्याची पाने वाटीत, थोरांच्या पाया पडत, बरोबरीच्यांना आलिंगन देत माणसे घरोघर हिंडतात. खुतबा संपताच ईदगाहवर सुरू होणारी गळाभेट ज्याने पाहिली आहे त्याला दसऱ्याची संध्याकाळ आठवल्यावाचून राहणार नाही. दोन्ही विधींचे दैवत निराळे, तत्त्वज्ञान निराळे, पण गावाला आपण एक गाव आहोत हे वर्षातून एखाददुसऱ्या वेळी स्वतःच्या डोळ्यांनी पाहावेसे वाटते, आणि ते पाहावयाचे तर घरे व गल्ल्या मागे टाकून उघड्यावर यावे लागते, ही गरज एकच.

ठाणे जिल्ह्यातील या विषयाचे खरे स्थळ खोपटात नाही. ते कल्याणास, उल्हासच्या खाडीवर, दुर्गाडी किल्ल्यात आहे. कल्याण हे प्राचीन बंदर. १६५७ साली शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडी घेतली आणि मराठी आरमाराचा आरंभ याच खाडीच्या परिसरात झाला. किल्ल्याच्या टेकाडावर दुर्गादेवीचे मंदिर आहे, नवरात्रात तेथे मोठी यात्रा भरते, आणि त्याच टेकाडावर ईदच्या नमाजेची भिंतही उभी आहे. १८८२ साली निघालेल्या ठाणे जिल्ह्याच्या सरकारी गॅझेटियरात या भिंतीची मापे दिली आहेत: लांबी ६४ फूट, उंची १३ फूट, जाडी ७ फूट. ज्याने ती लिहिली त्याला पुढे काय वाढून ठेवले आहे याची कल्पना नसणार, नाहीतर त्याने मापांबरोबर मालकीही टिपून ठेवली असती.

कारण तंटा नेमका तेथेच आहे. हे स्थान मंदिराचे की मशिदीचे, हा वाद स्वातंत्र्योत्तर काळात पेटत गेला. बकरी ईदच्या सकाळी नमाजेच्या वेळेपुरती मंदिराकडे जाण्यास पोलीस मनाई करतात. या मनाईच्या विरोधात १९८०च्या दशकात ठाण्याचे शिवसेना नेते आनंद दिघे यांनी घंटानाद आंदोलन सुरू केले, आणि तेव्हापासून किल्ल्याजवळच्या लालचौकीवर घंटा व किल्ल्यावर नमाज, मध्ये पोलिसांचा बंदोबस्त, असा कल्याणच्या बकरी ईदचा जणू एक तिसराच विधी होऊन बसला. मजलिस-ए-मुशावरात या मुस्लिम न्यासाने १९७६ साली जागेवर हक्क सांगणारा दावा लावला. अठ्ठेचाळीस वर्षांनी, डिसेंबर २०२४ मध्ये, कल्याणच्या दिवाणी न्यायालयाने तो मुदतबाह्य ठरवून फेटाळला. दाव्याच्या आयुष्यात दोन पिढ्यांची माणसे त्या टेकाडावर मोठी झाली. न्यायनिवाडा करणे हे माझे काम नव्हे. देवीपुढे घंटा वाजविणाऱ्याची श्रद्धा आणि भिंतीपुढे वाकणाऱ्याची श्रद्धा या दोहोंचे वजन एकाच काट्यावर करू नये, एवढे मात्र वाटते.

ईदगाहच्या वाट्याला असे तंटे येण्याला एक कारण तिच्या स्वभावातच आहे. देवळात रोज दिवा लागतो, मशिदीत रोज बांग होते, त्यामुळे त्या जागेचा धनी कोण हे शेजाऱ्याला रोज कळते; ईदगाह मात्र वर्षातल्या दोन सकाळी सोडल्या तर ओसाड, आणि ओसाड जागेवर नजर जाणार नाही असा माणूस विरळा. हुबळीचे ईदगाह मैदान पाहा. १९२१ साली ते ९९९ वर्षांच्या पट्ट्याने अंजुमन-ए-इस्लामकडे गेले, तेथे दुकाने बांधू लागताच कज्जा उभा राहिला, आणि २०१० साली सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन निष्पन्न झाले ते हे की मैदान नगरपालिकेचे, मुसलमानांना वर्षातून दोन दिवस नमाज पढण्याची मुभा. हजार वर्षांच्या कागदाची झडती घेतली तेव्हा आत दोनच सकाळी सापडल्या! जुन्या अंमलात काझी, खतीब, मुलाणी यांना सनदा व इनामे असत, आणि गावच्या वहिवाटीलाच कागदाची किंमत होती. जमीन बिगरशेती होऊन चौरस फुटाने विकली जाऊ लागली तेव्हा वहिवाट हा पुरावा लंगडा पडला.

महाराष्ट्रात सुदैवाने सर्वत्र अशी स्थिती नाही. नाशकात त्र्यंबक रस्त्यालगतची शहाजहानी ईदगाह, पुण्यात गोळीबार मैदान, छत्रपती संभाजीनगरात छावणीची ईदगाह, सोलापुरात आलमगीर व आदिलशाही या दोन नावांच्या दोन ईदगाह, मालेगावात पोलीस कवायतीचे मैदान, मुंबईत आझाद मैदान. यांतील काही जागा खास ईदच्या, तर काही उसनवारीच्या, पण ईदच्या दिवशी तेथे जमणारा समुदाय कोठेच छपराखाली मावणारा नाही. नाशिकच्या ईदगाहला लागूनच मोर्चे व सभांचे मैदान आहे, आणि कवायतीच्या मैदानावर पोलिसांच्या रांगांऐवजी वर्षातून दोनदा नमाजींच्या रांगा लागतात. दोन्ही रांगा सारख्याच सरळ असतात, एवढे सांगून पुढे जातो.

पुढे जावयाचे ते पंचांगाकडे. इस्लामी वर्ष चांद्र, ३५४ दिवसांचे, आणि त्यात आपल्यासारखा अधिक मास नाही. म्हणून दोन्ही ईद दरवर्षी साधारण अकरा दिवसांनी मागे सरकतात आणि सुमारे तेहतीस वर्षांत सर्व ऋतूंतून फिरून येतात. २०२३ साली बकरी ईद २९ जूनला, आषाढी एकादशीच्याच दिवशी आली, आणि अनेक गावांतील मुसलमानांनी आपण होऊन त्या दिवशी कुर्बानी केली नाही. २०२५ साली ती ७ जूनला होती, म्हणजे मृगाच्या तोंडावर. २०२६ पासून ती मे महिन्यात, पुढे एप्रिलात, मग थंडीकडे सरकत जाते. रमजान ईद तर मार्चमधून फेब्रुवारी-जानेवारीकडे निघालेलीच आहे. कोकणपट्टीच्या पावसात शिरण्याची पाळी आता दोहोंपैकी कोणत्याही ईदवर २०४० उलटेपर्यंत येत नाही. चिखल आणि ताडपत्र्यांची सबब संपली. पंधरा वर्षे सारी मैदाने कोरडी आहेत. खोपटाच्या आसपास त्या पंधरा वर्षांत एखादे उरते का, ते तेवढे पाहावयाचे.