भूमध्यसागरी सॅलड, डहाणूच्या भाजीतून

तलासरी - मुंबई-अहमदाबाद राष्ट्रीय महामार्गाने तलासरीकडे जाताना पावसाळ्याच्या उत्तरार्धात रस्त्याच्या कडेला गावठी काकड्यांचे वाटे मांडून बसलेल्या आदिवासी महिला दिसतात. शेजारच्या डहाणू तालुक्यात वाणगाव-चिंचणी पट्टा मिरचीच्या शेतीसाठी ओळखला जातो आणि तेथील ढोबळी मिरची मुंबई व गुजरातच्या बाजारांत जाते. काकडी, ढोबळी मिरची, टोमॅटो, कांदा, लिंबू आणि पुदिना. शहरातील उपाहारगृहांत 'मेडिटरेनियन सॅलड' या नावाखाली जो पदार्थ चढ्या दराने मिळतो, त्याचा बहुतांश ऐवज हाच असतो. उरतात ते ऑलिव्ह, चीज आणि ऑलिव्हचे तेल. त्यांनाही घरगुती पर्याय आहेत. हे सॅलड घरी वीस मिनिटांत होते. ते फसते ते बहुधा साहित्याअभावी नव्हे, तर क्रम चुकल्यामुळे. आणि ते बाधते ते स्वच्छतेत कसूर राहिल्यामुळे.

नाव परके, पदार्थ ओळखीचा

ग्रीसमध्ये या सॅलडला 'होरिआतिकी' म्हणतात. या शब्दाचा अर्थच 'गावाकडचे' असा आहे. टोमॅटो, काकडी, कांदा आणि ढोबळी मिरचीच्या मोठ्या फोडी, त्यावर ऑलिव्ह, फेटा नावाचे खारवलेले चीज आणि ओरेगानो, एवढाच त्याचा थाट. सॅलड म्हटले की पाल्याचा ढीग डोळ्यांसमोर येतो. मूळ होरिआतिकीत मात्र लेट्यूसला स्थान नाही. तुर्कस्तानात याच घराण्यातील पदार्थाला 'मेंढपाळाचे सॅलड' असे नाव आहे.

इराण भूमध्य सागराच्या काठी नसला, तरी तेथील 'शिराझी सॅलड' याच कुळातले. बारीक चिरलेली काकडी, टोमॅटो व कांदा, आंबट रस आणि वाळवलेला पुदिना हे त्याचे घटक होत. डहाणू, घोलवड आणि बोर्डीच्या परिसराला हा धागा नवा नाही. शंभर वर्षांहून अधिक काळापूर्वी इराणहून आलेली झरथुष्ट्री कुटुंबे येथे स्थायिक झाली व त्यांनी चिकूच्या वाड्या वाढवल्या. डहाणू-घोलवडच्या चिकूला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकनही मिळाले. पारशी-इराणी जेवणातील कचुंबर आणि शिराझी सॅलड शेजारी ठेवल्यास दोहोंतील नाते सहज ध्यानात येते. मराठी कोशिंबिरीची वाट थोडी वेगळी आहे. तिला दही, दाण्याचे कूट आणि फोडणी लागते. भूमध्यसागरी पद्धतीत फोडणी नसते. तेल कच्चेच घातले जाते.

गंमत अशी, की टोमॅटो आणि ढोबळी मिरची या दोन्ही भाज्या मूळच्या अमेरिका खंडातील. सोळाव्या शतकात सुरू झालेल्या सागरी व्यापारातून त्या युरोपात पोहोचल्या. भारतात मिरची आणली ती पोर्तुगीजांनी, आणि डहाणूचा किल्ला १७३९ पर्यंत त्यांच्याच ताब्यात होता. तेव्हा 'हे आपले नव्हे' असे म्हणण्यास फारसा आधार उरत नाही.

आरोग्याचा भाग

अमेरिकी शास्त्रज्ञ अँसेल कीज यांनी १९५० च्या दशकात सात देशांतील आहार व हृदयविकार यांचा तौलनिक अभ्यास सुरू केला आणि भूमध्यसागरी आहाराकडे जगाचे लक्ष गेले. युनेस्कोने २०१० मध्ये या आहारपरंपरेचा समावेश अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत केला. मात्र हा लौकिक संपूर्ण आहाराचा आहे, एका वाडग्याचा नव्हे. भाज्या, फळे, कडधान्ये, पूर्ण धान्ये, मासे आणि मांसाचे मर्यादित प्रमाण हे सारे त्यात येते. वडे-भज्यांच्या ताटात कोपऱ्याला चार चमचे सॅलड वाढल्याने हा लाभ मिळत नाही.

जागतिक आरोग्य संघटनेच्या शिफारशीनुसार प्रौढ व्यक्तीने दिवसाला किमान ४०० ग्रॅम फळे व भाज्या खाव्यात. खाली दिलेल्या सॅलडचा एक वाटा या उद्दिष्टाचा निम्म्याच्या आसपास भाग पूर्ण करतो. तेल अजिबात टाळणेही शहाणपणाचे नाही. टोमॅटोतील लायकोपिनसारखी रंगद्रव्ये स्निग्ध पदार्थासोबतच शरीरात नीट शोषली जातात.

साहित्य (चार जणांसाठी)

दोन मध्यम काकड्या, तीन घट्ट लाल टोमॅटो, एक ढोबळी मिरची, एक कांदा, एक वाटी शिजवलेले काबुली चणे, १०० ग्रॅम पनीर, मूठभर पुदिना व कोथिंबीर, तीन मोठे चमचे तेल, दीड मोठा चमचा लिंबाचा रस, लसणाची एक पाकळी, मीठ आणि मिरपूड. चणे आदल्या रात्री भिजवून सकाळी शिजवून ठेवल्यास ऐनवेळी खोळंबा होत नाही.

कृती

प्रथम पनीरचे तुकडे मीठ घातलेल्या कोमट पाण्यात बुडवून ठेवावेत. त्यामुळे फेट्याचा खारटपणा काही अंशी साधतो. कांद्याच्या पातळ चकत्या गार पाण्यात दहा मिनिटे ठेवून निथळाव्यात, म्हणजे उग्रपणा कमी होतो. काकडीचे टोक कापून चव पाहावी आणि ती फार कडू लागल्यास पूर्ण टाकून द्यावी.

काकडी व टोमॅटोच्या साधारण दीड सेंटिमीटरच्या फोडी कराव्यात. त्यांना अर्धा छोटा चमचा मीठ लावून चाळणीत दहा मिनिटे निथळत ठेवाव्यात. मीठ फोडींतील पाणी बाहेर खेचते, हे कोशिंबीर करणाऱ्या प्रत्येक गृहिणीला ठाऊक आहे. हे पाणी आधीच काढले नाही तर ते ताटात सुटते, तेल त्यावर तरंगते आणि सॅलड बेचव लागते. निथळलेले पाणी फेकू नये. साराला किंवा कढीला ते चालते.

दरम्यान लिंबाच्या रसात ठेचलेला लसूण, मिरपूड व चिमूटभर मीठ विरघळवून घ्यावे. मीठ तेलात विरघळत नाही, म्हणून हा क्रम महत्त्वाचा. नंतर तेलाची बारीक धार सोडत काट्याने फेटावे. मिश्रण दाटसर दिसू लागले की थांबावे. मोठ्या भांड्यात सर्व भाज्या व चणे एकत्र करून हे मिश्रण वाढण्याच्या अगदी आधी घालावे. पनीर आणि हाताने तोडलेला पुदिना सर्वांत शेवटी. आंबट रसात पाने काही मिनिटांतच काळवंडतात.

महागड्या वस्तूंना पर्याय

एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह तेल परवडत असेल तर तेच कच्चे वापरावे. बाटलीवर 'पोमेस' असा उल्लेख असल्यास ते तेल सॅलडसाठी घेऊ नये. ते ऑलिव्हच्या चोथ्यापासून काढलेले, शुद्धीकरण केलेले तेल असते आणि त्यात मूळ फळाचा स्वाद जवळपास नसतो. घाण्याचे शेंगदाणा तेल हा उत्तम स्थानिक पर्याय. चव वेगळी येईल, पण सॅलड बिघडणार नाही.

ऑलिव्हऐवजी खारातली कैरी धुऊन, बारीक तुकडे करून घालता येते. तशा वेळी वरचे मीठ कमी करावे. ओरेगानोची जागा पानओवा घेऊ शकतो. कुंडीत सहज वाढणाऱ्या आणि भज्यांसाठी वापरल्या जाणाऱ्या या पानांचा दर्प ओरेगानोच्या बराच जवळचा आहे. दोन पाने बारीक चिरून पुरतात.

कच्चे खाताना

या पदार्थातील खरी जोखीम येथे आहे. भाजी शिजत नसल्याने तिच्यावरील जंतूंना मारणारी आच कोठेच मिळत नाही. म्हणून भाज्या अखंड असतानाच वाहत्या पिण्यायोग्य पाण्याखाली चोळून धुवाव्यात. चिरल्यावर धुऊ नयेत. साबण वापरू नये. धुण्याने वरचा मळ व काही प्रमाणात कीटकनाशकांचे अंश निघतात, आत शोषले गेलेले निघत नाहीत. त्यामुळे माल कोठून येतो हे माहीत असलेल्या विक्रेत्याकडून, हंगामातील भाजी घेणे श्रेयस्कर.

किनारपट्टीच्या घरांत आणखी एक पथ्य हवे. ज्या सुरीने वा विळीवर मासळी साफ केली, तीवर सॅलड चिरू नये. पनीर विश्वासू ठिकाणचे ताजे किंवा घरचे असावे. पावसाळ्यात गढूळ पाण्याची शंका असल्यास पुदिना-कोथिंबीर वगळून काकडीही सोलून घ्यावी. गर्भवती, वृद्ध आणि प्रतिकारशक्ती कमी असलेल्यांनी बाहेरची चिरून ठेवलेली कच्ची भाजी टाळावी. तयार सॅलड दोन तासांहून अधिक आणि कडक उन्हाळ्यात तासाभराहून अधिक बाहेर ठेवू नये.

डब्यासाठी

डहाणू रोडपर्यंत २०१३ मध्ये उपनगरी गाडी पोहोचल्यापासून येथील अनेकांची सकाळ लोकलमध्ये सुरू होते. डब्यात हे सॅलड न्यायचे असल्यास तेल-लिंबाचे मिश्रण छोट्या डबीत वेगळे ठेवावे, पनीर वगळावे आणि सॅलडचा डबा थंड राहील अशा पिशवीत न्यावा. कार्यालयात पोहोचताच तो शीतकपाटात ठेवावा आणि मिश्रण जेवणाच्या वेळी ओतावे. सोबत दोन पोळ्या किंवा भाकरी असली, की चण्यांमुळे दुपारचे जेवण पुरेसे होते.

आयात बाटल्यांच्या फडताळापेक्षा या सॅलडचे खरे भांडवल ताजी काकडी आणि करकरीत मिरची हेच आहे. ते पालघर जिल्ह्यातील बाजारात उपलब्ध आहे.